आमच्याकडे आलेला डबा

गाढवा रिओता,

तू भांडून बंदरावर राहायला गेलास, पण तुझ्या फटफटीच्या धिंगाण्यापायी माफीचा मिठाईचा डबा घेऊन दारोदार कमरेत वाकतो मी. मिठाईवाला तर मला पाहताच विचारतो, "माफीचाच ना?"

काल बंदराजवळच्या मिझुनुमा आजी आपल्या दारात दिसल्या. त्यांनी तोंड उघडण्याआधीच मी वाकलो. "पोराचा अपराध पोटात घाला!"

मान वर केली, तर त्या माझ्याहून खाली वाकलेल्या, हातात डबा.

"परवा त्सुनामीचा भोंगा वाजला, तेव्हा तुमच्याच पोरानं मला फटफटीवर घालून टेकडीवर नेलं हो."

डबा तुझ्या आईच्या तसबिरीपुढे ठेवलाय. हे पत्र धाडणार नाही, शेफारशील.

आज उगीचच मिठाईवाल्याच्या दारावरून दोनदा गेलो. शेवटी त्यानं विचारलंच, "माफीचाच ना?"

"नको," म्हटलं, "या खेपेला आमच्याकडे आलाय."

तुझा बाप,
तोकुझो