चांगुणाचं वावर

ता. पाथर्डी,
५ नोव्हेंबर १९७२

प्रिय राही,

आईच्या तेराव्याला तू न जेवता नेवाशाच्या एस.टी.त बसलीस. छगनकाकानं सगळ्यांसमोर हक्कसोडीचा कागद पुढे केला, म्हणाला, "कर बाई सही, आईचं वावर तुझ्या भावाला, बन्सीला ऱ्हाऊ दे," आणि मी मान खाली घालून बसलो. तुझा राग त्या गप्प बसण्याचा आहे, हे मला कळतं. मला बोलायला वेळ लागतो. म्हणून लिहितो.

गेल्या वर्षी मार्चमध्ये मला जनगणनेचं काम होतं, तेव्हा तू सासरी होतीस. निम्म्या घरांना कुलपं, माणसं ऊसतोडीला गेलेली. उरलेल्या घरांत बायका दाराआडून बोलायच्या. नवऱ्याचं नाव घ्यायच्या नाहीत. पहिल्या दिवशी माझी सातच घरं झाली. दुसऱ्या दिवशी तुझी आई वावरातलं काम उरकून माझ्याबरोबर निघाली. शेजारणीला पुढे करून ती नवऱ्यांची नावं वदवून घ्यायची. बायडाबाईच्या घरी मी चार माणसं लिहून उठलो, तर आई आत जाऊन झोळी बघून आली. बायडाबाई म्हणाली, "अगं, अजून बारसं न्हाई त्याचं, त्याला काय लिवता?" आई म्हणाली, "रडतंय ना? मग लिवा." अशी अकरा लेकरं तिनं शोधली. त्यातल्या नऊ मुली होत्या.

मुख्य काम काय, असा एक प्रश्न होता. बायका म्हणायच्या, "आमी काय, घरीच." तशी आई त्यांचा हात धरून मला तळवा दाखवायची. "हे घट्टे भाकरी थापून पडलेत व्हय? शेती लिवा, गुरुजी." चारचौघांत ती मला गुरुजीच म्हणायची, आणि बायका पदर तोंडाला लावून हसायच्या. पुढे तालुक्याचे साहेब तपासणीला आले. दहा घरं फिरले, एक माणूस सुटलेला सापडला नाही. त्यांनी माझी पाठ थोपटली. मी चांगुणाचं नाव सांगितलं नाही.

आणखी एक आहे, ते तुला ठाऊक नाही. शेवटचं घर आपलं होतं. तिच्या नावापुढे मी तिला न विचारताच घरकाम लिहिलं. मास्तरची बायको रानात खपते, हे साहेबांनी वाचू नये असं वाटलं. ती चौथी शिकलेली, मागून वाचत होती. म्हणाली, "अवो गुरुजी, माझं वावर काय तुमचा सायेब खुरपतो?" मी म्हणालो, सरकारी कागदावर खाडाखोड चालत नाही. खरं तर चालत होती, खाली सही केली की झालं. ती हसली आणि विळा घेऊन गेली. कागद तसाच तालुक्याला गेला. तिच्या वडिलांनी तिला दिलेलं ते दोन एकर तिनं वीस वर्षं एकटीनं केलं. भाद्रपदात तो शेवटचा ताप आला त्या सकाळीही ती तिथंच होती.

काल मी तलाठ्याकडे गेलो. छगन आणि बन्सी बरोबर होते. मी वारस सांगितले: तू आणि बन्सी, निम्मं निम्मं. नवरा म्हणून येणारा माझा हिस्सा मला नको, असं लिहून दिलं. छगन म्हणाला, "दादा, लेकीला वावर दिलं तर गावात तोंड दाखवायला जागा ऱ्हाईल का?" मी म्हणालो, वावर तिच्या आईचं आहे. बन्सी उठून गेला नाही. आता आठवड्याभरात तुला तलाठ्याची नोटीस येईल. ती हक्कसोडीची समजून रागानं फाडशील, या भीतीनं हे पत्र आजच टाकतो आहे. त्यात वारस म्हणून पहिलं नाव तुझं आहे. नीट वाच आणि सही कर.

तुझाच बाप,
नाना