सुपभर कोंडा

माणगाव, ३ ऑगस्ट १९५५

चि. अनंतास काशीताईचे अनेक आशीर्वाद. विशेष.

दोन पत्रांना उत्तर नाही. गोदीत काम जास्त, की बहीण फक्त भाऊबीजेला आठवते? असो, रागावून मी जाणार कुठे.

तुझ्या भावजींना अलिबागच्या कोर्टाने सात वर्षे दिली. शिवरात्रीला शेजारच्या रंगूचा कोंडाजी त्यांच्याबरोबर हरिहरेश्वरला गेला, गर्दीत बोट सुटलं आणि चार वर्षांचं पोर दिसेनासं झालं. एका चहावाल्याने म्हणे लांबून लाल फेट्याचा माणूस पोराला होडीत घालताना पाहिला. तोंड पाहिलं नाही. तीन महिन्यांनी मात्र यांना ओळखलं. जत्रेत लाल फेटे काय कमी होते?

खरा घात यांच्याच तोंडाने झाला. शोधाशोधीत कोणी पोर कोणाचं विचारलं तेव्हा चार माणसांत सांगून बसले की आमचंच हाय, सुपभर कोंडा देऊन घेतलंय. रंगूची तीन मुलं गेली, म्हणून हा चौथा तिने बाराव्या दिवशी मला कोंड्याला विकला, मरणाची नजर चुकवायला. वाढला तिच्याच घरात. ही रीत इथे शेंबड्या पोरालाही ठाऊक. कोर्टाला वाटलं, हा माणूस मुलांचा व्यापार करतो. काहीतरी कर, बाबा. जेवण सुटलंय.

तुझी काशीताई

माझगाव, १९ ऑगस्ट १९५५

ती. काशीताईस अनंताचा शि. सा. नमस्कार वि. वि.

तुझी पत्रं पाठ आहेत. उत्तर द्यायला तोंड नव्हतं. आता अपील दाखल झालं. वकील म्हणतात, चहावाल्याची साक्ष लंगडी आहे, आणि रास्त संशय उरला की फायदा आरोपीचा. पण ते 'विकत घेतलं' आडवं येतं. अलिबागला रंगूला विचारलं तेव्हा ती गप्प राहिली. मुलगा माझा, विक्री नावापुरती, एवढ्या कागदावर तिचा अंगठा मिळव. जेवत जा, भावजी सुटून येतील तेव्हा त्यांनी तुला ओळखायला हवं.

तुझा अनंता

माणगाव, ६ सप्टेंबर १९५५

चि. अनंतास आशीर्वाद.

रंगू ऐकत नाही. म्हणते की पोर काशीचं हाय म्हणून कुठंतरी जितं हाय, माजं म्हनलं की त्या घडीला गेलं. मी पाय धरले. मग संतापून बोलले की तुझं पोर कधीच समुद्राने नेलं. जीभ झडायला हवी होती माझी. तिने दार लावून घेतलं. आता माझा इलाज संपला.

तुझी काशीताई

माझगाव, ८ फेब्रुवारी १९५६

ती. ताईस सा. नमस्कार.

अपील मंजूर. कोर्ट म्हणालं, चहावाल्यावर भरवसा ठेवता येत नाही, आणि आईच्या कागदाने विक्रीचा उलगडा होतो. भावजी शनिवारी घरी येतील. रंगूला वळवलंस कसं, ते मात्र तू कळवलंच नाहीस.

तुझा अनंता

माणगाव, १४ फेब्रुवारी १९५६

चि. अनंतास अनेक आशीर्वाद.

हे घरी आले. हाडं राहिलीत, पण आले.

रंगूला मी वळवलं नाही. पौषात ती आपण होऊन आली, हातात कोंड्याने भरलेलं सूप. एरवी पोराच्या लग्नात असा कोंडा देऊन त्याला परत घेतात. म्हणाली की घे, आन माजं पोर मला दे, मग अंगठा देते. घेतला नाही तर हे तुरुंगात. घेतला तर कोंडाजी पुन्हा तिचा, आणि तिचं एकही जगलेलं नाही. अनंता, मी दोन्ही हातांनी सूप घेतलं. अंगठा देऊन ती घरी आली आणि तिने सुतकाची अंघोळ केली.

यांनी आल्या आल्या कोपऱ्यातलं सूप पाहिलं. एवढंच विचारलं की पोर परत मागितलं तिनं, आन तू दिलंस? मी हो म्हणाले. तेव्हापासून ते ओट्यावर बसून आहेत, रंगूच्या दाराकडे पाठ करून.

ताईवरची माया आटू देऊ नकोस.

तुझी काशीताई