परिच्छेद सात

सेंट लुईस, मिसूरी
१६ जानेवारी २०२०

प्रिय लोरेटा हिस,
डॉटचा सा. न. वि. वि.

पंधरा दिवसांत दुसरं पत्र बघून तू म्हणशील, डॉटचं छप्पर पुन्हा गळायला लागलं. छप्पर ठीक आहे. फोनच केला असता, पण कानातलं यंत्र लावलं की मला फक्त माझाच आवाज ऐकू येतो, आणि ही गोष्ट ओरडून सांगण्यासारखी नाही.

माझ्या नातीची, आपल्या कॉलीनची, गेल्या आठवड्यात सोनोग्राफी झाली. बाळ मुलगा आहे आणि त्याला दोन्ही मूत्रपिंडं नाहीत. त्यामुळे पोटात पाणी नाही आणि पाण्यावाचून फुप्फुसं वाढत नाहीत. डॉक्टर ऑसगुडबाईंनी तिला आणि तिच्या नवऱ्याला, गॅरेटला, समोर बसवून सांगितलं की जून महिन्यापर्यंत वाट पाहिली तरी बाळ फार तर तासभर जगेल. कॉलीनने विचारलं, त्या तासात त्याला त्रास होईल का. डॉक्टरबाईंनी तिचा हात धरला.

तिला जूनपर्यंत थांबायचं नाही. दुकानात अनोळखी बायका पोटाला हात लावून बारसं कधी म्हणून विचारतात. परवा ती सामानाने भरलेली ढकलगाडी तिथेच सोडून घरी आली. तिला आत्ताच, हॉस्पिटलात, नीट बाळंत व्हायचंय आणि त्याला हातात घ्यायचंय. डॉक्टरबाई तयार आहेत. पण बावीस आठवडे पूर्ण झाले की हॉस्पिटल हे करत नाही, म्हणजे आपल्याकडे ५ फेब्रुवारीपर्यंत वेळ आहे. आणि विमा कंपनीची मंजुरी हातात पडल्याशिवाय हॉस्पिटल तारीख देत नाही. काल मंजुरीऐवजी नकार आला. नक्कल सोबत जोडली आहे.

तू त्याच कंपनीत चौतीस वर्षं घालवलीस. मालक दोनदा बदलले, पाटीही बदलली, तरी कागद तेच असतील ना? वाचून सांग, यात कुठे फट आहे का.

थंडीत चालायला जाऊ नकोस. मागच्या वर्षीचं मनगट आठव.

तुझी,
डॉट


डुलूथ, मिनेसोटा
२१ जानेवारी २०२०

प्रिय डॉट हिस,
लोरेटाचे अ. आ. (दोन वर्षांनी मोठी बहीण आहे, तेवढा हक्क राहू दे.)

पत्र वाचून मी स्वयंपाकघरात तीन फेऱ्या मारल्या आणि बशी फोडली. मुद्दाम फोडली नाही, पण वाईटही वाटलं नाही.

नकाराचं पत्र चारदा वाचलं. “आपल्यावर ओढवलेल्या प्रसंगाबद्दल आम्हांस मनापासून खेद वाटतो. तथापि, आपल्या राज्याच्या कायद्यानुसार, मातेचा प्राण वाचवण्याखेरीज अन्य कारणास्तव केलेला गर्भपात ऐच्छिक समजला जातो, व त्याचा खर्च आपल्या पॉलिसीत अंतर्भूत नाही.” ऐच्छिक! पाळण्याला पिवळा रंग दिलेल्या मुलीला कोणीतरी कळवतंय की बाई, ही तुमची इच्छा. कॉलीन मरायला टेकली असती तर कंपनीने खर्च दिला असता. ती धडधाकट आहे आणि फक्त तिचं बाळ मरणार आहे, म्हणून ही हौस ठरली. मिसूरीच्या विधानसभेतल्या एका तरी माणसाला शनिवारी दुपारी अशा मुलीच्या शेजारी बसवावं आणि त्याला हा शब्द मोठ्याने वाचायला लावावा. मी दार बाहेरून बंद करीन.

भाषा स्वच्छ आहे, एवढं कबूल करते. आधी खेद, मग तथापि, मग नकार. शाळेतल्या सिस्टर विल्हेल्मिनाने शंभरपैकी नव्वद दिले असते.

आता नीट वाच आणि जे सांगते ते कर. गॅरेट ज्या भट्टीदुरुस्तीवाल्याकडे काम करतो त्याचं मुख्य कार्यालय कुठे आहे? विमा गॅरेटच्या नोकरीतून आहे ना? मग कार्यालयात सगळ्या कामगारांची मिळून एक मूळ पॉलिसी असते. मला तिचं पहिलं पान हवंय. कामगारांना देतात ती रंगीत पुस्तिका नको. मूळ पॉलिसीचं पहिलं पान, आणि ते शक्य तितक्या लवकर. कारण आत्ता सांगत बसत नाही.

कॉलीनला माझा पापा दे. तिला सांग, मी कामाला लागले आहे.

मनगट ठीक आहे.

लोरेटा


सेंट लुईस
२४ जानेवारी २०२०

प्रिय लोरेटा,
सा. न. वि. वि.

हे जलद टपालाने धाडते आहे. पान सोबत आहे.

गॅरेटचं मुख्य कार्यालय नदीपलीकडे, बेलव्हिलला आहे. मालकाची बायको फोर्टमनबाई हिशेब बघते. गॅरेट लाजत होता, म्हणून मीच गेले. पॉलिसी टेबलाच्या खालच्या खणात, कुत्र्याच्या बिस्किटांच्या डब्याखाली होती. बाईने कारण विचारलं नाही. पान काढून देताना एवढंच म्हणाली की तिचीही एक मुलगी अशीच गेली होती, एकोणीसशे एक्याण्णव साली, आणि बिस्किटं खाणार का. मी म्हटलं, कुत्र्याची? ती हसली आणि मग दोघीही रडलो.

गॅरेटने कंपनीला फोन केला होता. चाळीस मिनिटं बासरी ऐकवून एका मुलीने त्याचा पिनकोड विचारला आणि म्हणाली, मिसूरी ना, मग होणार नाही. त्याने कायदा वाचला होता, म्हणून विचारलं की कायद्यात लिहिलंय तशी गर्भपाताची वेगळी पुरवणी, जास्तीचा हप्ता भरून, आता घेता येईल का. ती आत जाऊन विचारून आली. कायद्यात तशी पुरवणी आहे खरी, म्हणाली, पण आमची कंपनी ती विकत नाही आणि कोण विकतं ते मला माहीत नाही. गॅरेट म्हणतो, विकत असती तरी पाळणा रंगवताना ती घ्यायला कोण गेलं असतं?

लोरेटा, एक सांगायचंय. तो कायदा आला तेव्हा, त्र्याऐंशी साली, नऊच्या मिस्सा प्रार्थनेनंतर चर्चच्या हॉलमध्ये, कायदा कराच म्हणून आमदारांना पाठवायची पोस्टकार्डं वाटत होते. कॉफीच्या टेबलापाशी मीच उभी होते. सही केल्याशिवाय डोनट द्यायचा नाही, असा माझा नियम होता. लोक हसत हसत सह्या करत होते. मला तेव्हा वाटलं, दुसऱ्याच्या पापासाठी आपण हप्ता का भरावा. गर्भपात म्हणजे आजही मला पापच वाटतं. मी बदलले नाही. पण त्या कार्डावर कुठेही असं लिहिलं नव्हतं की यात कॉलीनही येते. लिहिलं असतं तर मी वाचलं असतं का, कोण जाणे.

आज एकवीस आठवडे पूर्ण व्हायला पाच दिवस आहेत.

डॉट


डुलूथ
२७ जानेवारी २०२०

प्रिय डॉट,
अ. आ.

पहिल्या पानावर चौथी ओळ बघ: पॉलिसी इलिनॉय राज्यात दिली गेली. म्हणजे मिसूरीचा कायदा या पॉलिसीला लागूच होत नाही. कामगार झोपायला कुठे जातो याला महत्त्व नाही, पॉलिसी कुठल्या राज्यात दिली याला आहे. आणि गेल्या जूनपासून इलिनॉयचा कायदा असा आहे की जी पॉलिसी बाळंतपणाचा खर्च देते तिने गर्भपाताचाही द्यायचा. एक नदी आहे मध्ये, डॉट. लहानपणी आपण त्या पुलावरून चेरी आणायला जायचो.

फेरविचाराचा अर्ज सोबत आहे. एक शब्दही बदलू नकोस, खालच्या ओळीतला “तातडीचा” तर अजिबात नाही. त्या शब्दामुळे त्यांना बहात्तर तासांत उत्तर द्यावंच लागतं. कॉलीनची सही घे, पहिलं पान जोड आणि फॅक्स कर. मेल करू नकोस. मेल त्यांच्याकडे हरवते, फॅक्सवर मात्र वेळ छापली जाते.

आता माझं. त्या नकारातला परिच्छेद माझा आहे.

चौऱ्याऐंशी साली नवा कायदा लागू झाला तेव्हा आमच्या विभागात रोज प्रत्येकजण वेगळं आणि वाईट व्याकरणात पत्र लिहायचा. साहेबांनी मला नमुना करायला सांगितलं. मी बारा परिच्छेद केले, हा सातवा. आपल्याला शाळेत शिकवलं होतं तसाच, आधी खेद. छान जमला म्हणून साहेबांनी मला केकही आणला. तेवढ्यावर थांबले असते तर बरं होतं. मूळ पॉलिस्या तळघरात असायच्या, प्रत्येक वेळी खाली जाऊन पहिलं पान बघायला अर्धा तास जायचा. म्हणून मी टेबलावर ठेवायला एक कार्ड टाइप केलं: सभासदाचा पत्ता मिसूरी, तर परिच्छेद सात. मुलींनी ते काचेखाली ठेवलं. माझ्या निवृत्तीच्या समारंभातही कोणीतरी म्हणालं की लोरेटाच्या कार्डामुळे आमची किती वर्षं वाचली.

बेलव्हिलच्या, ईस्ट सेंट लुईसच्या किती कारखान्यांचे कामगार आपल्या, मिसूरीच्या बाजूला राहायचे, तुला माहीत आहे. त्यांच्या पॉलिस्या नदीपलीकडच्या होत्या. त्यांतल्या ज्या पॉलिस्यांत हा खर्च धरलेला होता, त्या घरांतल्या बायकांनाही माझ्या कार्डाने नकार गेला. किती जणींना, ते मला माहीत नाही. गॅरेटशी बोललेल्या मुलीने पिनकोड विचारला ना? ते कार्ड आता संगणकात आहे, एवढाच फरक.

मी आज संतापून आमदारांना शिव्या देत होते. त्यांचा वाटा आहेच. पण हा माझा आहे आणि तो मी दुसऱ्या कोणावर ढकलू शकत नाही.

लवकर फॅक्स कर.

लोरेटा


सेंट लुईस
१ फेब्रुवारी २०२०

लोरेटा,
स. न.

मंजुरी आली. काल दुपारी फोन आला, संध्याकाळी कागद. तारीख मंगळवारची, ४ फेब्रुवारी, शेवटच्या दिवसाच्या आदल्या दिवशीची. या राज्यात बाईला तीन दिवस घरी बसून विचार करायला लावतात, त्याच्या कागदावर कॉलीनने आधीच सही करून ठेवली होती. त्या दूरदृष्टीसाठी डॉक्टरबाईंना देव सुखात ठेवो.

फॅक्स आपल्या चर्चच्या कार्यालयातून केला, माझ्या ओळखीत आणखी कोणाकडे तो नाही. कार्यालयातली अ‍ॅग्नेस ईस्टरआधीच्या उपवासकाळातल्या मासळीच्या जेवणाची पत्रकं छापत होती. तिने आमची पानं मशीनमध्ये घातली. वरचं पान तिला दिसलं असणार, कारण ती मशीनजवळून हलली नाही. शेवटचं पान गेल्याची पावती येईपर्यंत कोणालाही आत येऊ दिलं नाही. फादर आले, तर त्यांना म्हणाली, शाई संपली आहे, नंतर या.

तुझ्या कबुलीवर मी आत्ता काही लिहीत नाही. राग आला होता. मग डोनट आठवले. मंगळवार होऊन जाऊ दे.

डॉट


सेंट लुईस
२८ फेब्रुवारी २०२०

ती. लोरेटा आजीस,
कॉलीनचा सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला. दूध आलं होतं, आजी. त्याबद्दल कोणीच आधी सांगितलं नव्हतं.

त्याचं नाव ऑगस्ट ठेवलं, गॅरेटच्या आजोबांचं. तो अकरा मिनिटं होता. गॅरेटच्या एका तळहातावर मावत होता. आमच्या डॉट आजीने प्लास्टिकच्या पेल्यातल्या पाण्याने त्याचा बाप्तिस्मा केला. फादरना बोलवायला नको म्हणाली, हे कोणीही करू शकतं, मला शिकवलंय. नंतर लिफ्टमध्ये मात्र तिने जमिनीवर बसकण मारली, आणि गॅरेटने आणि एका वॉर्डबॉयने तिला उचललं. हे तिने तुम्हाला लिहिलं नसणार.

मी तुमच्यावर रागावले आहे का, असं तुम्ही तिला विचारलंत, ते तिने सांगितलं. थोडी रागावले होते. पण त्या अर्जातली एक ओळ मी पाठ केली आहे: “ही सभासद काहीही निवडत नाही, जे झालंच आहे ते ती पुरं करते आहे.” सही करताना वाटलं, एवढे दिवस हेच मला सांगता येत नव्हतं.

आज मासळीच्या जेवणाला मला रांगेत उभं राहू दिलं नाही, अ‍ॅग्नेसबाईंनी ताट घरी आणून दिलं.

एक विचारायचं आहे. हॉस्पिटलने आमच्यासारख्यांचा एक गट जोडून दिला आहे. त्यात टेसा म्हणून एक आहे, विसावा आठवडा. तिच्या मुलीला ऑगस्टसारखंच आहे. तिचा नवरा इकडच्या, मिसूरीतल्या बेकरीत आहे. तिला तेच पत्र आलंय, तोच परिच्छेद. तिच्या पॉलिसीचं पहिलं पान सोबत पाठवते. काही करता येईल का?

तुमची नात,
कॉलीन


डुलूथ
३ मार्च २०२०

चि. कॉलीन हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

पान पाचदा वाचलं. खिडकीपाशी नेऊन भिंगाखाली धरून वाचलं. चौथ्या ओळीत मिसूरी आहे. फट नाही. त्या मुलीच्या आणि तुझ्या बाळाला एकच आजार, दोघींच्या घरांमध्ये वीस मिनिटांचं अंतर. तुझ्या नवऱ्याचा मालक नदीपलीकडे बसतो, तिच्या नवऱ्याचा अलीकडे. याला कायदा म्हणतात. मला याच्यासाठी दुसरा शब्द येतो, पण तो सिस्टर विल्हेल्मिनाने माझ्याकडून धुऊन काढला होता, साबणाने.

टेसाला सांग, बेलव्हिलच्या दवाखान्यात ज्यांचा विमा पैसे देत नाही त्यांना मदत करणारी संस्था आहे. दूरध्वनी क्रमांक वेगळ्या कागदावर लिहिला आहे. आजच फोन करायला लाव.

राज्याच्या विमा खात्याला मी तक्रार पाठवली आहे. कार्डाची सगळी हकीकत, सन, माझं नाव आणि ज्या साहेबांनी केक आणला त्यांचंही. जुने नकार उकरून बघा, असं लिहिलंय. बघतील असा भरवसा मला नाही. एप्रिलपर्यंत उत्तर नाही आलं, तर मी पुन्हा लिहीन आणि तेव्हा खेदाने सुरुवात करणार नाही.

टेसासाठी बंद पाकीट सोबत आहे. तिच्या हातात दे. आत एकच पान आहे. तिला आलेल्या पत्राखाली कोणाचंही नाव नव्हतं, फक्त “सभासद सेवा विभाग” होतं. ते तसं असावं, हीदेखील माझीच कल्पना होती. म्हणजे लोक उलटून फोन करत नाहीत. मी तिला कळवलंय की तो परिच्छेद कोणी लिहिला. खाली पूर्ण सही केली आहे, घरचा पत्ता आणि फोन नंबर दिला आहे. तिला ओरडायचं असेल तर तिने ओरडावं. मी घरीच असते आणि मला नीट ऐकू येतं.

डॉटला म्हणावं, लिफ्टचं मला कळलं.

ऑगस्टची पणजी-मावशी,
लोरेटा कूनर्ट