न खणलेल्या कोपऱ्याची व्यवस्था

मी, खाली सही करणारा, बायबलचा अभ्यासक आणि बरीच वर्षे टीव्हीवर हातात माती झाडायचा कुंचला धरून जुनी नगरे दाखवणारा, शुद्धीवर राहून व कोणाच्याही दडपणाखाली न येता हे लिहून ठेवतो. शुद्ध आहे, चैन मात्र नाही. सकाळपासून तीनदा खुर्ची बदलली.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक कन्येला. जिन्याखालची खापरे संग्रहालयाला. त्यांतली निळ्या काठाची थाळी प्राचीन नव्हे, ती आमच्या हिच्या हातून फुटली. ती घरीच राहू द्यावी.

२. कुंचले, लहान थापी व गुडघ्याखालची उशी कॅमेरामनला. "आजोबा, सावकाश होऊ द्या," असे म्हणणारा तो एकटाच. शाळेतले कवितांचे पुस्तक नातीला. आमचे मास्तर टेबलावर ताल धरून कविता म्हणून घेत. पुढे मी पडक्या भिंतींविषयीही त्याच चालीत बोलू लागलो. कार्यक्रमाची निर्माती ओरडायची, "सर, गाऊ नका, सांगा!" तिला काहीही नाही.

३. खिडकीतून दिसणाऱ्या, आम्ही खणलेल्या टेकडीवरचा न खणलेला कोपरा. आमच्या कामाची रीत अशी, की सगळी जागा कधी खणायची नाही. एक तुकडा तसाच राखायचा, कारण पुढच्यांची साधने आपल्याहून चांगली असतील. हा तुकडा विक्रीला निघाला तेव्हा टीव्हीच्या मानधनातून मीच घेतला. बायबलात वर्णिलेल्या नगराची वेस तिथेच असावी, असे मला वाटते. निर्मातीला तो एका दिवसात, कॅमेऱ्यासमोर उकरायचा आहे; मी डोळे मिटण्याचीच ती वाट पाहते आहे. माझा धाकटा भाऊ चर्चमध्ये पाळक, तोही तिच्याच बाजूचा. म्हणतो, "दादा, एकदाचं जगाला दाखव ना, खरं आहे ते!"

मला पाहायचे नाही का? हात नुसते शिवशिवतात. परवा काठी टेकत वर गेलो. उभा होतो, तर काठीचे टोक आपोआप माती उकरू लागलेले. घाबरून खाली आलो.

म्हणून तो कोपरा कन्येला, या अटीवर की तिच्या हयातीत तिथे कुदळ लागू नये. जुन्या मातीने तिला शिंका येतात. याहून चांगला राखणदार कुठून आणू? तिच्यामागे तिनेही असाच कोणी मातीला कंटाळलेला माणूस शोधावा.

४. मला पुरताना सोबत चालू सालचे एक नाणे ठेवावे. माझा काळ ठरवताना पुढच्या विद्वानांत हातघाई नको.

५. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत नाही, असे वकीलबाई सांगतात. म्हणून धाकट्याला साक्षीदार केले आहे. त्याने आत्ताच तिसरे कलम पुन्हापुन्हा वाचले.

"आणि तिथे काहीच नसलं तर, दादा?"

"मग निदान ते दाखवून तुझी झोप मी उडवली नाही."

"आणि असलं तर?"

मी मान वर केली. समोर खिडकीत टेकडी होती. तो उठला, पडदा ओढून घेतला आणि म्हणाला, "तिकडे बघू नकोस. सही कर."

केली.

आमच्यासमोर सही झाली:
धाकटा भाऊ, पाळक
शेजारचे दातांचे डॉक्टर

स्थळ: खिडकीजवळची खुर्ची, चौथी
दिनांक: आजचा, साल नाण्यावर आहे.