केतूच्या खोलीतला ऊनरहाट

४ एप्रिल
लेकीनं, केतूनं, खोलीत कोंडून घेतलं त्याला आज सत्तर दिवस. खिडकीवर घोंगडी, घोंगडीवर चादर. जळगावचा उन्हाळा, आणि आत नुसती पंख्याची घरघर. ताट दाराशी ठेवायचं, अर्धं परत उचलायचं. डॉक्टर म्हणतात, धीर धरा. धरलाय की. अजून किती...

मंगल भांड्यांवर राग काढते, मी गच्चीवर फेऱ्या मारतो. बत्तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं, प्रकाश हा माझा हातखंडा धडा. आणि स्वतःच्या घरातल्या दहा बाय दहाच्या खोलीत उजेड नेता येत नाही. कसला मास्तर मी!

६ एप्रिल
अपघाताबद्दल के. अजून अवाक्षर काढत नाही. आम्हाला ठाऊक ते एवढंच : संध्याकाळी ऑफिस सुटल्यावर भुसावळहून दोघी मैत्रिणी जळगावला परत येत होत्या. स्कूटी के. चालवत होती, मागे रूपाली. कडेला केळीची ट्रॉली उभी होती. रूपाली जागीच गेली. के.च्या कोपराला बारा टाके. "ट्रॉली दिसली नाही," एवढंच पोलिसांपाशी बोलली. सगळ्यांनी ट्रॉलीवाल्याला धरलं. मीही शिव्या घातल्या त्याला.

९ एप्रिल
माळ्यावर जुनी वही सापडली. के. आठ-नऊ वर्षांची होती तेव्हा भारनियमनात तिला रोज गोष्ट सांगायचो, ती मेणबत्तीपाशी बसून चित्रं काढायची. अंधारवाडी नावाचं राज्य. तिथं सूर्य वर्षात एकच महिना उगवतो. म्हणून लोकांनी ऊनरहाट बांधला. डोंगराएवढं चाक, त्यावर कोसभर लांब धोतर. चाक फिरायचं आणि धोतरावर ऊन पापुद्र्यासारखं वाळायचं. मग अंधाराच्या महिन्यांत एक पापुद्रा निखाऱ्यावर भाजायचा, की घरभर दिवस!

पुढं गाडी अडली होती. धोतराला चिकटलेलं ऊन सोडवायचं कसं? मला सुचेना. तेवढ्यात वीज नीट यायला लागली आणि गोष्ट राहूनच गेली.

आज पुढं लिहायला घेतली. या वयात! पण दुसरं येतं काय मला?

१२ एप्रिल
चार पानं दाराखालून सरकवली. अंधारवाडीचे लोक सुऱ्या घेऊन ऊन खरवडतात, हाती नुसता चुरा येतो. मुद्दाम तिथंच थांबलो. पानं आतून ओढून घेतली.

मं. म्हणाली, "पोरगी ताट परत पाठवतेय, आणि तुम्ही तिला कागद खाऊ घाला."

१५ एप्रिल
आज जे केलं ते लिहायला हात धजत नाही.

चारच्या सुमाराला कपाटाचा आरसा अंगणात नेला, स्टुलावर तिरका धरला आणि वरच्या झरोक्यातून के.च्या खोलीत ऊन सोडलं. वर्गात दरवर्षी करायचो, पोरं टाळ्या वाजवायची. वाटलं, ओळखेल. म्हणेल, बाबा, ऊनरहाट!

किंचाळली. त्या दिवशी दवाखान्यातसुद्धा अशी किंचाळली नव्हती. मं. धावत आली, आरसा ओढून घेतला, तो फुटला. शेजारचे कुंपणाच्या भिंतीवरून बघत होते. मी काचा वेचत बसलो.

१६ एप्रिल
सकाळी दाराखालून माझंच पान बाहेर आलं. मागच्या बाजूला पेन्सिलीनं :

"बाबा, ऊन डोळ्यात गेलं होतं. येताना सूर्य अगदी समोर होता, काही दिसत नव्हतं. रूपा म्हणाली, थांब गं, चहा घेऊ, ऊन उतरू दे. मी म्हटलं, उशीर होईल. ट्रॉली कडेलाच होती. त्याची चूक नव्हती. कोणाला सांगू नका."

आणि मी या पोरीला उन्हाच्या गोष्टी पुरवत होतो. वर आरसा! जोड्यानं मारायला हवं मला.

मं.ला सांगितलं नाही.

२१ एप्रिल
रूपालीची आई, शोभाताई, अमळनेरहून आल्या. खुर्ची दिली तरी के.च्या दाराशी जमिनीवरच बसल्या. "केतू बेटा, मी आयेल शे. मन्हा मनमा काही नही शे." मनात राग नाही हे सांगायला आलेल्या, तरी दार उघडलं नाही. मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "भाऊ, त्या ट्रॉलीवालानं वाटोळं कयं मन्हं. देव त्याले माफ नही करी."

दार पातळ आहे. के.ला सगळं ऐकू गेलं असणार. मी चहा ओतत राहिलो, बशीत सांडला. ट्रॉलीवाल्यावर केस चालू आहे. एक शब्द बोललो असतो तर... नाही बोललो.

२४ एप्रिल
तीन दिवस अन्नाला शिवली नाही. फक्त पाणी. आज पहिल्यांदा वाटलं, ही आपल्या हातची गेली.

२७ एप्रिल
घरात काहीही होवो, उन्हाळ्यात मं. बिबडे, म्हणजे ज्वारीचे पापड, घालणारच. ज्वारी भिजवून झाली, दळून झाली, पहाटे त्या पिठाचा घाटा शिजवला. मी जन्मात पहिल्यांदा मदतीला गेलो. गच्चीवर ओलं धोतर पसरून त्यावर घाटा थापत गेलो, माझा एकही बिबडा गोल नाही. संध्याकाळी वाळलेला एक नखानं सोडवायला गेलो, तर चुरा.

"अहो, पुढून ओरबाडतात होय? कापड उलटं करा, मागून पाणी शिंपडा. भिजलं की आपोआप सुटतं. तीस वर्षं खाताय नुसते!"

तिथंच बसलो आणि रडलो. मं. घाबरली. मग सगळं सांगून टाकलं, के.ची चिठ्ठी, चहाचं, उन्हाचं. तिचा हात थांबला. एवढंच म्हणाली, "एकटीनं वागवलं पोरीनं."

रात्री गोष्टीचं पान लिहिलं. अंधारवाडीतल्या एका म्हातारीनं धोतर उलटं केलं आणि मागून पाणी शिंपडलं. सोबत निखाऱ्यावर भाजलेला बिबडा ठेवला.

२९ एप्रिल
ताटली रिकामी. पान परत आलं, खाली दोन ओळी : "शोभाकाकूंना बोलवा. मीच सांगते."

आनंद व्हायला हवा. मला धडकीच भरली. त्या माऊलीनं शाप दिला तर? उठून गेली तर? पोलिसांत पुन्हा जबाब द्यावा लागला तर? ही आणखी आत जाईल, तिथून मग आवाजही यायचा नाही. मं.ला म्हटलं, थोडं थांबू. ती म्हणाली, "थांबूनच एवढं झालंय." आणि स्वतः फोन लावला.

२ मे
शोभाताई आज येताहेत, साडेदहाच्या एसटीनं. का बोलावलं ते त्यांना ठाऊक नाही. फोनवर म्हणाल्या, केतूसाठी शेव आणते, रूपाली आणि ती एकाच पुडीतून खायच्या.

मं. स्टँडवर गेलीय. मी के.च्या दाराशी स्टूल घेऊन बसलोय. मघाशी आतून आवाज आला, घोगरा, ओळखू न येण्यासारखा. "बाबा, किती वाजले?"

तीन महिन्यांत पहिल्यांदा तिनं वेळ विचारली. म्हटलं, दहा वीस.

दाराखालच्या फटीत अजून अंधारच. खिडकीवर घोंगडी तशीच आहे.