पिठाच्या हातानं अंगठा उठत नाही

आई, गावात अंगठ्याला पुन्हा किंमत आली आहे. अंगठेबहाद्दर म्हणून तुला आयुष्यभर लाज वाटली, आणि आता शिकलेसवरलेले सगळेच फोनवर अंगठा उठवतात. निरोप बघितला, एवढाच त्याचा अर्थ. पंचायतीनं मात्र तो होकार धरला. चावडीशेजारची अंगणवाडी रत्नागिरी रस्त्यापलीकडे हलवायची आणि तिच्या जागी दुकानगाळे बांधायचे, हा ठराव त्यांनी गावाच्या ग्रुपवर टाकला, आणि खाली अंगठ्यांची रांग लागली. कागलच्या कारखान्यात जेवणाच्या सुट्टीत मी तो वाचला. तुझी पणती, माझी नात, त्याच अंगणवाडीत जाते, आणि त्या रस्त्यावर कोकणाकडचे ट्रक कुणासाठी थांबत नाहीत. लगेच सरपंचांना फोन लावला.

"एवढं अंगठं आल्यात की! गावाला मान्य हाय."

"अंगठा म्हंजे बघितलं. मान्य हाय असं न्हवं."

"मग रविवारी ग्रामसभेत येऊन बोल."

फोन ठेवला आणि तुझी चूल आठवली. तू भाकरी थापते आहेस, दारात दोन पंच शाईची डबी उघडून उभे आहेत. हीच अंगणवाडी गावाबाहेर न्यायचा ठराव. मान वर न करता तू म्हणतेस, "आदी वाचून दावा. पिठाच्या हातानं अंगठा उठत न्हाय." ते घुटमळले, तशी माझ्यावर ओरडलीस, "वाच की रं! साळंत कशाला घातलाय तुला?" मी अडखळत वाचलं. मग हातही न धुता तू चावडीत गेलीस आणि सगळ्या पुरुषांसमोर नाही म्हणालीस. अंगणवाडी गावातच राहिली.

सरपंचांना फोन केला त्याच दिवशी मी ग्रुपवर लिहिलं, आधी वाचा, मग अंगठा द्या. आणि नवल घडलं. सभेची पायरी कधी न चढलेल्या सुनांनी आपलं म्हणणं बोलून पाठवलं, मागं पोरांचा गलका. पुण्यातल्या एकानं रस्त्याचा नकाशा टाकला, गगनबावड्याच्या नर्सबाईंनी हरकत लिहिली, आणि ज्याला जे सुचलं ते तो त्या हरकतीत घालत गेला. तुझ्यासारखं एकट्यानं कुणाला लढावं लागलं नाही, याचं मला फार बरं वाटलं. पण ठराव शेवटी सभेतच हात वर करून व्हायचा आहे, आणि बोलायला सगळ्यांनी मला पुढं केलंय. सभा उद्या आहे.

हे पत्र कुठं धाडणार? तुला वाचून दाखवायला तिथं मी नाही. कबूल करतो, फोनवर वाघ झालो, पण उद्याची मला भीती वाटते. तेव्हा वाचलं मी, बोललीस तू. उद्या दोन्ही मलाच करायचं आहे.