क्लबच्या इतिहासातला सफाई कामगार

क्लातेन, मंगळवार

आदरणीय तुकिजानदादा,

धाकट्या पोनिदीचा वाकून सलाम. तुमचा गुडघा आता तरी वाकतो का? माझा खोकला आहे तिथेच आहे. वहिनींना काळजी करू नका म्हणावं (त्या करत नाहीत, हे मला ठाऊक आहे).

आमचा फुटबॉल क्लब पन्नास वर्षांचा झाला, म्हणून त्याचा इतिहास छापतायत. साखर कारखान्याच्या मजुरांनी तो काढला, कारखाना बंद पडल्यावर सिगारेटवाल्या शेठने घेतला, मग कुणा बिल्डरने. दर वेळी नाव बदललं, जर्सीचा रंग बदलला. मी मात्र पाऊस अडवायला गोलपोस्टमागे तसाच बसतो आहे, मिरच्या-कांदे टोचलेली केरसुणी उलटी रोवून, सामना संपेपर्यंत अंगाला पाणी न लावता. आता थकलो, दादा. आणि त्या इतिहासात माझ्या फोटोखाली काय लिहिलंय? ‘सफाई कामगार’.

मी आमच्या मॅनेजर रेत्नोबाईंकडे गेलो. त्या म्हणाल्या, "आजोबा, केरसुणी घेऊन बसलेल्या माणसाला मी दुसरं काय म्हणू? आणि मागच्या सामन्यात तर तुम्ही मैदानाचं तळं केलंत."

आता ते तळं काही माझ्यामुळे झालं नाही. आपल्याच एका प्रेक्षकाने पंचाला म्हणून पाण्याची पिशवी भिरकावली, ती माझ्या डोक्यावर फुटली. अंगाला पाणी लागून व्रत मोडल्यावर आभाळ काय करतं, हे तुम्हाला सांगायला नको. त्या प्रेक्षकाला सांगितलं, तर म्हणतो, "आजोबा, तुम्ही वाकायचं ना." सामना रद्द झाला. घरी आलो तर बायको म्हणाली, "चला, या निमित्ताने आंघोळ तरी झाली."

शेवटी रेत्नोबाई एवढ्याला कबूल झाल्या, की शनिवारचा सामना कोरडा गेला तर फोटोखाली ‘पाऊस अडवणारे’ असं छापतील. हा सामना हरलो तर क्लब खालच्या गटात जाणार, म्हणून सगळं गाव येणार आहे. मला झोप लागत नाही.

तुमचा,
पोनिदी

ता. क. शनिवारी तुमच्याकडे गावप्रमुखांच्या मुलीचं लग्न आहे आणि पाऊस तुम्ही अडवणार आहात, असं कळलं. मेरापी डोंगरावरून उतरलेला ढग तुम्ही नेहमी दक्षिणेला, म्हणजे माझ्या डोक्यावर, ढकलता. या वेळी सालातिगाकडे ढकला. तिकडे आपलं कुणी नाही. खरं तर एवढ्याचसाठी पत्र लिहिलं.

आणखी ता. क. पाकीट चिकटवत होतो तेवढ्यात कोच आले. हळूच म्हणाले, "आजोबा, समोरची पोरं हरणासारखी पळतात. चिखल झाला तरच आपण वाचू." तेव्हा दादा, पाऊस इकडेच पाठवा. फक्त मध्यंतरानंतर पाठवा. अर्धा सामना तरी लोकांनी मला कोरडं बसलेलं पाहावं.